ही पूजा नव्हे

माझं नाव शांतवन, पण डोकं कायम तापलेलं. बायको म्हणते, बाप्तिस्म्याच्या दिवशी पास्टरांचा अंदाज चुकला. राहुरीकडे जाताना कालव्याच्या पुलाजवळ माझा फोटो स्टुडिओ आहे. आधी वडिलांचा होता. त्यांच्या वेळी छत्तीस फोटोंचा रोल असायचा. त्या फिल्मचा रंग मी कॉम्प्युटरवर दोन वर्षं डोकं फोडून परत बनवला. एक बटण दाबलं की फोटोला जुना ऊबदार रंग चढतो, कातडी उजळते, डागबिग निघून जातात. त्या प्रीसेटला, म्हणजे तयार सेटिंगला, मी नाव दिलं ‘रोल छत्तीस’. वडिलांच्या रोलमध्ये डाग कधीच जात नव्हते, हे मला माहीत आहे. पण गिऱ्हाइकाला गोरं व्हायचं असतं.

गिऱ्हाईक नसलं की मी गेम खेळतो. हसा खुशाल. पंचेचाळिशीचा बाप्या मोठाले यंत्रमानव जोडत बसतो. त्यांचे हात, पाय, खांदे, तोफा, वरचा रंग, सगळं आपल्या मनासारखं बदलता येतं. लढाईत मी नेहमी हरतो. मला ती जोडाजोडच आवडते.

रंगुबाई पाथर्डीकडची. दरसाल ऊसतोडीला यायची, नवरा गेल्यावर इथेच कारखान्याजवळ राहिली. दोन वर्षांपूर्वी ती लेकीला, पूजाला, स्थळांना दाखवायच्या फोटोसाठी घेऊन आली. पोरगी सावळी, बोलकी. “दादा, हसू का नको?” असं तिनं चारदा विचारलं. फोटो काढल्यावर मी तिच्या चेहऱ्यावर चाळीस मिनिटं काम केलं. तयार फोटो बघून रंगुबाई म्हणाली, “आगं बया, ही माझीच का?” आणि तोंडाला पदर लावून हसली. मला लई बरं वाटलं.

या फेब्रुवारीत ती परत आली, एकटीच. पूजा कापडाच्या दुकानात कामाला होती. सोमवारी सकाळी डबा घेऊन गेली ती आलीच नाही. तो दिवस बुधवार होता.

“पोलिसात दिलंय दादा. फोटू मागत्यात. साधा द्या. ह्यो रंगवल्याला नगं.”

मी तेव्हा एका यंत्रमानवाचा उजवा खांदा रंगवत होतो. मला गंजलेल्या लोखंडाचा रंग हवा होता, आणि तो काही केल्या जमत नव्हता. साधा फोटो जुन्या हार्डडिस्कमध्ये, हार्डडिस्क कपाटावरच्या खोक्यात. कोण चढणार?

“मावशी, चेहरा तोच असतो हो,” मी म्हणालो. “हाच चांगला आहे. लोक निरखून बघतील तरी.”

ती उभीच राहिली. मग “बरं” म्हणाली. तिच्याकडच्या चिठ्ठीवर पोलिसांचा नंबर होता, त्यावर मी तो गोरा फोटो पाठवून दिला आणि पुन्हा खांद्याला लागलो.

आठवड्याने शेजारच्या तालुक्यातून भीमाचा फोन आला. भीमा हवालदार, माझा शाळेतला दोस्त. कालव्याच्या गेटला एका बाईचं प्रेत अडकलं होतं आणि त्यांचा नेहमीचा फोटोग्राफर लग्नाच्या ऑर्डरवर गेला होता. आमच्याकडे लग्नाचे फोटो काढतो तोच मढ्याचेही काढतो. समोरून एक, दोन्ही बाजूंनी एकेक, खुणा जवळून. मी आजवर पंधराएक काढलेत. नाकाला रुमाल बांधायचा आणि नुसतं कॅमेऱ्यातून बघायचं, डोळ्यांनी बघायचं नाही.

पाण्यानं चेहरा फुगला होता. हनुवटीखाली जुना तिरपा व्रण होता, दोन बोटं लांब. शेजारी मोजपट्टी ठेवून मी त्याचा जवळून फोटो घेतला.

भीमानं मोबाईल पुढे केला. “हा फोटो फिरतोय बघ. तुझ्याच स्टुडिओचा दिसतो. ही तीच का? नसली तर तिच्या आईला उगाच कशाला हे दाखवायचं?”

मी मोबाईलवर बघितलं. गोरी, गुळगुळीत, हसरी. मग खाली बघितलं.

“छे रे,” मी म्हणालो. “ही पूजा नव्हे. चाळीस मिनिटं बसलोय मी त्या चेहऱ्यावर. मला नको विचारू.”

तेही ऐटीत म्हणालो, मेल्या जिभेनं! भीमानं माझ्या शब्दावर विश्वास ठेवला. तीन दिवस प्रेत शवागारात ठेवलं. कोणी आलं नाही, मग पुरलं. वर नंबराची पाटी लावली. त्या रविवारी मी चर्चमध्ये पहिल्या बाकावर बसून मोठ्यानं गायलो, हेही सांगतो.

पुढच्या गुरुवारी सकाळी रंगुबाई आली. पायात चपला नव्हत्या. बसस्टँडवर, बाजारात, पाथर्डीच्या जीपगाड्यांवर तिनं मी छापून दिलेले पूजाच्या फोटोचे कागद चिकटवले होते.

“कागद सरले दादा. आजून छापा. आन ह्या बारीला डागाचं लिवा. ठान्यात मी सांगितलं हुतं, पन मोबाईलवर निस्ता फोटूच फिरतुया.”

“कसला डाग?”

“हनवटीखाली. दोन वर्साची हुती. मी फडात ऊस तोडत हुते. ती मागनं कवा आली मला कळलंच न्हाई, आन माझा कोयता लागला. तुमाला ठावं हाय की. तुमीच तर घालवला त्यो.”

स्टुलावर चढून मी खोकं काढलं. पाच मिनिटं लागली, देवा बापा, फक्त पाच मिनिटं.

हार्डडिस्क जोडली, फोटो उघडला. सावळी पूजा समोर आली. हनुवटीखाली तिरपा व्रण, दोन बोटं लांब. पट्टी न लावताही मला माप माहीत होतं.

रंगुबाई माझ्या मागे येऊन उभी राहिली होती. हल्ली माझ्या कॉम्प्युटरवर कुठलाही फोटो उघडला की बटण न दाबताच रोल छत्तीस हळूहळू आपोआप लागतो. मीच तसं करून ठेवलंय, वेळ वाचतो म्हणून. आमच्या डोळ्यांदेखत पूजा उजळायला लागली. गाल मऊ झाले, व्रण फिका झाला.

“आवं, थांबवा!” ती किंचाळली. “चालली की ती! थांबवा!”

मी माऊसकडे झडप घातली. कसंबसं ते बंद केलं. पूजा परत सावळी झाली, व्रण परत आला. रंगुबाईनं पडद्यावर त्या व्रणावर बोट ठेवलं आणि ते उचललं नाही.

मग मी सांगितलं. कालव्याचं गेट, जवळून घेतलेला फोटो, भीमानं विचारलेलं आणि मी दिलेलं उत्तर, सगळं. पाटीचा नंबरसुद्धा सांगितला. ती रडेल, मला चपलेनं मारेल असं वाटलं. मारलं असतं तर बरं झालं असतं. पण तिच्या पायात चपलाच नव्हत्या, आणि ती रडलीही नाही.

“म्हंजी तुमी दोनदा फोटू काढला तिचा,” ती म्हणाली.

“हो.”

“आन वळखलं न्हाई.”

“मावशी, तो व्रण मी...”

“माझ्या हातचा हाय त्यो,” ती म्हणाली. “तिला तीन स्थळांनी न्हाई म्हनलं त्याच्यापायी. म्हनून मीच तुमाला घालवा म्हनलं हुतं. तुमचं एकट्याचं न्हाई.”

असं काही तिनं बोलायला नको होतं. शिव्या दिल्या असत्या तर मला तोंड वर करता आलं असतं. मी भीमाला फोन लावला. तो आधी ओरडला, मग म्हणाला, घेऊन ये त्यांना. मी गाडीची किल्ली घेतली, शटर ओढायला उठलो.

रंगुबाई मात्र पडद्यापुढून हलेना. बोट अजून तिथंच होतं.

“जाऊ म्हना,” ती म्हणाली. “पन दादा, आदी आता तरी साधा द्या.”