मागच्या खोलीतली शेगडी

चिमणीला भूक फार. पहिलीत जाणारी पोर, पण समोर भात आला की तिच्या अंगात दहा हत्तींचं बळ येई. पहिला भात संपवून ती ताट पुढे करायला निघायची आणि तेवढ्यात टेबलाखालून माझा हात तिच्या मांडीवर पोचलेला असायचा. चिमटा बसला की ताट जागच्या जागी थांबायचं. "पोट भरलं," ती म्हणायची. समोरून ताई, म्हणजे माझ्या मोठ्या जाऊबाई, डाव हवेत धरून म्हणायच्या, "एवढ्यात? चिमणी म्हणतात म्हणून चिमणीएवढंच खायचं असतं का गं?" सगळे हसायचे. मीही हसायचे. इतकं सराईत हसायचे की माझं मलाच नवल वाटायचं.

घर भाऊजींचं, म्हणजे मोठ्या दिरांचं. ते बसडेपोत मेकॅनिक. पगार ठरल्या दिवशी. ह्यांचा बाइंडिंगखाना बंद पडला आणि पुस्तकं शिवणारे हात पोती उचलायला लागले, तेही बोलावणं येईल त्या दिवशी. बोलावणं यायचं नाही त्या दिवशी हे घरात असे वावरायचे की चप्पलसुद्धा वाजू नये. भाडं झेपेना म्हणून आम्ही भाऊजींच्या मागच्या खोलीत राहायला आलो होतो. हे, मी, चिमणी आणि मांडीवरचं बाळ. पुढे भाऊजी, ताई आणि सासूबाई. ताईंची एकुलती मुलगी लग्न होऊन लांब गेलेली. मी शर्टांच्या कारखान्यातून काज-बटणांचं काम घरी आणायचे. त्यात बाळाचं दूध भागायचं. बाकी सगळ्यांचं शिजायचं ताईंच्या ओट्यावर, एकाच पातेल्यात.

कुणी कधी ब्र काढला नाही. टोमणा मारला असता तर भांडता तरी आलं असतं, आणि भांडण मला चांगलं जमतं. पण भाऊजी "घे गं, संकोच कसला" म्हणायचे, आणि त्या शब्दासरशी माझा घास तोंडात फिरायला लागायचा. परक्याचे उपकार माणूस कधीतरी फेडतो. घरच्यांचे फेडायला जावं तर तेच रागावतात. मग उरतं ते नुसतं मिंधेपण, दोन वेळचं, गरम गरम.

आणि मग एका आठवड्यात ताईंनी चिमणीला "आणखी घे" म्हणणंच सोडलं. एकदा वाढायच्या आणि पातेल्यावर झाकण ठेवून मोकळ्या व्हायच्या. मी मनात म्हटलं, झालं. आलं त्यांच्या मनात. माणूसच ते, किती दिवस पुरणार? त्या झाकणाचा आवाज मला रात्रभर ऐकू यायचा.

शेवटी एक दिवस शर्टांचं गाठोडं पोचवून येते असं सांगून मी सरकारी धान्याच्या कार्डासाठी ऑफिसात गेले. रांगेत ओळखीचं कुणी भेटू नये म्हणून भिंतीकडे तोंड करून उभी राहिले. जरा वेळाने लक्षात आलं की अर्धी रांग भिंतीकडेच तोंड करून उभी आहे. 

खिडकीतल्या बाईंचा चष्मा दोरीला बांधलेला होता. माझा अर्ज चाळत त्यांनी वर न बघता विचारलं, "घरात माणसं किती?"

"सात."

"एकत्र शिजतं?"

आता इथे माझी अक्कल गहाण पडली. मदत मागायला गेलेली बाई, पण घराण्याची अब्रू कुठून तरी उसळून वर आली. "हो तर!" मी म्हटलं. "एकाच पातेल्यात. आमच्यात तुझं-माझं नाही."

बाईंनी चष्मा काढला. "मग सगळ्यांचीच कमाई धरावी लागेल. मोठ्या दिरांचा पगार धरला की तुम्ही नियमात बसत नाही."

"ते आम्हाला पगार नाही देत. जेवायला घालतात."

"तेच ते. एकत्र आणतात, एकत्र शिजवतात ते एक कुटुंब. तुमचं चौघांचं वेगळं शिजत असेल तर तुम्ही वेगळं कुटुंब, मग राहा ना एका छपराखाली. आमचा नियम पातेल्याचा आहे, छपराचा नाही." मागच्या माणसाला ऐकू जाणार नाही अशा आवाजात त्या पुढे म्हणाल्या, "घर बघायला माणूस येतो. विचार करून परत या."

मी घराकडे निघाले. माझ्या माहेरी एखाद्या घरी चूल वेगळी झाली की मोठी माणसं ती बातमी आवाज उतरवून सांगायची, घरात कुणाला मोठं दुखणं निघाल्यासारखी. आणि मी ते आपल्या हाताने करायला निघाले होते. गरजवंताला अक्कल नसते म्हणतात. लाज मात्र असते, चांगली भरपूर असते.

संध्याकाळी ताई तांदूळ निवडत बसल्या होत्या. मी शेजारी बसून खडे काढायला लागले.

"ताई, मागच्या खोलीत एखादी लहानशी शेगडी असली तर बरं पडेल, नाही? बाळाचं रात्रीचं दूध..."

"आजवर बाळाचं दूध कुठे तापत होतं?"

"तुमच्याच ओट्यावर, पण..."

"ताकाला जाऊन भांडं लपवू नकोस. काय ते बोल."

मग मी बोलले. ऑफिस, खिडकी, पातेल्याचा नियम, सगळं. बोलताना त्यांच्याकडे बघवेना, म्हणून ताटातल्या तांदळांना सांगितलं. ताईंचे हात थांबले.

"म्हणजे आम्ही तुम्हाला घालत नाही, असं सांगायचं."

"तसं नाही, ताई."

"तसंच आहे. माझ्या हातचं कमी पडलं का तुम्हाला?"

"कमी नाही. जास्त होतं. खाली उतरत नाही आता."

त्या उठून दार लोटून आल्या. परत बसल्या तेव्हा आवाज अगदी खाली आला होता. "चिमणीला अंघोळ मी घालते. तिच्या मांडीवर काळेनिळे डाग आहेत. मला आधी वाटलं, शाळेत कुणी मारतं. विचारलं तर म्हणाली, पडले. मग एकदा जेवताना माझा चमचा खाली पडला, मी उचलायला वाकले."

पुढचं सांगायची गरजच नव्हती. धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं, असं माणसं उगाच म्हणत नाहीत. मला तेव्हा खरोखर खालच्या फरशीची आशा वाटली.

"त्या दिवसापासून मी तिला विचारणं सोडलं," ताई म्हणाल्या. "मी 'आणखी घे' म्हणणार आणि तू तिला चिमटा काढणार. पोर दोन्हीकडून उपाशी. त्यापेक्षा पहिल्यांदाच दाबून वाढते नि झाकण ठेवते." त्यांनी ताट माझ्याकडे सरकवलं. "आण तुझी शेगडी."

शेगडी भाऊजींनीच आणली. डेपोतून येताना एका बर्नरची घेऊन आले आणि कुणाशी न बोलता मागच्या खोलीत नळी बसवून दिली. नळीचा पेच कधीच घट्ट झाला होता, तरी ते बराच वेळ पिळत बसले. हे त्यांच्या मागे पाना धरून उभे होते. दोघं सख्खे भाऊ, आणि बोलणं काय, तर "जरा उजेड धर."

पण शेगडी लखलखीत नवी. ताई कमरेवर हात ठेवून म्हणाल्या, "ही बघून आंधळासुद्धा म्हणेल, काल आणली." त्यांनी तिच्यावर डाळ ठेवली आणि मुद्दाम उतू जाऊ दिली. आयुष्यभर ओटा आरशासारखा ठेवणारी बाई, करपलेल्या डाळीचे ओघळ बघत शांत उभी राहिली. मग त्यांनी सामान वाटलं. तेलाची बाटली, मिठाची बरणी, दोन पातेली. त्यांचा आवडता डाव माझ्या हातात देत म्हणाल्या, "हा ने. भात ह्यानेच मोकळा होतो." चिमणीला पढवायचं काम माझ्याकडे होतं. कुणी विचारलं तर सांगायचं, आमचं वेगळं शिजतं. ती लगेच शिकली. लपवायला मी तिला आधीच शिकवून ठेवलं होतं.

मग मी ऑफिसात जाऊन आम्हा चौघांचा नवा अर्ज देऊन आले आणि तपासणीचा दिवस ठरला. एक अडचण होती, सासूबाई. त्यांचं खोट्याशी उभं वैर. दारावर विक्रेता आला तरी "घरात नाही म्हणून सांग" असं त्यांच्यापुढे म्हणायची सोय नव्हती. ठरलं असं की तपासणीच्या दिवशी त्यांना शेजारच्या आजींकडे गप्पांना बसवायचं. पण तपासनीस आला तो सांगितलेल्या वेळेच्या आधीच. सासूबाई नुकत्या उठून केस विंचरत होत्या आणि भाऊजी डेपोच्या कपड्यांत दारात बूट घालत होते.

माणूस तसा गरीब होता. दुसऱ्याच्या घरात पातेली उघडून बघायची त्यालाही लाज वाटत असावी, कारण झाकण उचलताना दर वेळी "माफ करा हं" म्हणायचा. शेगडी बघितली, करपलेले ओघळ बघितले, मीठ बघितलं. चिमणी उत्तर तयार ठेवून उभी होती, पण तिला त्याने काही विचारलंच नाही. वही मिटता मिटता तो सासूबाईंकडे वळला.

"आणि आजी, तुम्ही कुणाकडे जेवता?"

कुणाच्या डोक्यातच आलं नव्हतं. आम्ही भांडी वाटली, तेल वाटलं, मीठ वाटलं, आणि सासूबाई वाटायच्या राहिल्या होत्या.

त्यांनी आधी भाऊजींकडे बघितलं. मग ह्यांच्याकडे. हे भिंतीकडे बघत होते, रांगेतल्या माणसांसारखे. सासूबाईंनी फणी खाली ठेवली.

"धाकट्याकडे," त्या म्हणाल्या.

तपासनिसाने चारचे पाच केले आणि तो गेला. भाऊजी बुटाची नाडी बांधत खालीच वाकून होते. नाडी केव्हाच बांधून झाली होती. ताई म्हणाल्या, "आई, बरं झालं हो, निभावून नेलंत. एवढं एक खोटं चालायचं."

"खोटं कोण बोललं?" सासूबाई म्हणाल्या. "कार्ड आलं की मी मागेच जेवणार. हिला माझ्यामुळे एक वाटा जास्त मिळेल."

"अहो, ते नुसतं दाखवायला होतं," मी म्हटलं.

"दाखवायला तू केलंस. सांगितलं मी. खोटं बोलून आणलेलं अन्न अंगी लागत नाही. शेगडी मांडलीत ना? मग आता शिजवा तिच्यावर." आणि थोरल्या लेकाच्या खांद्यावर हात ठेवून त्या हळूच म्हणाल्या, "तुझ्यावर रुसून नाही रे जात. तुझं पोट भरलेलं आहे, एवढंच." भाऊजींनी मान हलवली आणि डबा न घेताच कामावर गेले.

कार्ड आलं. धान्याच्या दुकानदाराने "कार्डवाले त्या बाजूला" असं रस्त्याला ऐकू जाईल इतक्या मोठ्याने सांगितलं, आणि मी त्या बाजूला जाऊन उभी राहिले. तांदूळ, डाळ, तेल घेऊन घरी आले. सगळं ओझं ह्यांनी माझ्या हातातून घेतलं नाही, ओढूनच घेतलं. पोती उचलणाऱ्या माणसाला ती पिशवी काय जड? पण खोलीत येईपर्यंत त्यांचे कान लाल झाले होते.

त्या संध्याकाळी मागच्या खोलीत पहिल्यांदा आमचा भात शिजला. टेबल नव्हतं, चटईवरच बसलो. सासूबाई आपलं ताट पुढच्या स्वयंपाकघरातून स्वतः घेऊन आल्या. भिंतीपलीकडे भाऊजी आणि ताई जेवत होते. एरवी त्या घरात जेवताना कुणी कुणाचं ऐकत नसे, आता दोन माणसांचे चमचे वेगवेगळे ओळखू येत होते.

भात खरंच मोकळा झाला होता. चिमणीने पहिला भात बघता बघता संपवला. माझ्या जिवाला इतकं बरं वाटलं की काय सांगू. आता कुणाचं नाही, आपलं आहे, हवं तेवढं वाढ. मी डाव भरून पुढे केला.

"घे, चिमणे. आणखी घे."

तिने माझ्याकडे बघितलं. मग फ्रॉक खाली ओढून दोन्ही गुडघे झाकले आणि पाय पोटाशी घेतले. "पोट भरलं," ती म्हणाली.

"अगं, आपलाच आहे भात. पातेलंभर आहे."

"भरलं ना."

माझे दोन्ही हात वर होते. एकात डाव, एकात पातेलं. ती त्या हातांकडे बघत होती, पण ताट काही पुढे येईना. ह्यांना काही कळलं नाही. सासूबाईंना कळलं. त्यांनी माझ्या हातातला डाव काढून घेतला आणि दाराकडे मान हलवली. मी उठले.

दाराबाहेर आले, दार ओढून घेतलं आणि भिंतीला टेकून उभी राहिले. आतून सासूबाईंचा आवाज आला, "आण इकडे ताट." मग ताटावर डाव आपटल्याचा आवाज. पुन्हा एकदा.

पुढच्या ओट्यापाशी ताई उभ्या होत्या. हाताच्या सवयीने त्यांनी सगळ्यांचा भात लावला होता, पातेलं अर्ध्याहून जास्त भरलेलं तसंच होतं. माझ्याकडे बघून त्यांनी हळूच विचारलं, "खाल्लं का गं तिने?"

"खातेय," मी म्हटलं. "मी बाहेर आले तेव्हा."