या कुंडीतून आता कोणी पाणी पीत नाही

मित्रांनो, मी एक जुनी दगडी कुंडी आहे आणि गेल्या मंगळवारी मावशींचा आंधळा बैल माझ्यापासून दोन हातांवर तहानेने मेला. अर्थात, गावाच्या वारसा समितीच्या इतिवृत्तात असे काही घडलेले नाही. तेव्हा मी बोलले नाही, तुम्ही ऐकले नाही. पहिल्यापासून सांगते.

माझा जन्म टेकडीवरच्या खाणीत झाला. एका पाथरवटाने मला दोन महिने छिन्नीने ठोकले. संस्कार म्हणतात ते हेच असावेत. मग मला विहिरीशेजारी बसवले. नांगरावरून सुटलेली जनावरे माझ्यावर वाकायची. शेळ्या घुसाघुशी करायच्या, म्हशी प्यायच्या कमी आणि फुरफुरायच्या जास्त. दीडशे वर्षांत त्यांच्या गळ्यांनी माझा काठ गुळगुळीत झाला. लोक म्हणायचे, "कुंडी असावी तर अशी!" गावात दुसरी कुंडी नव्हती, पण कौतुक ते कौतुक.

पुढे ट्रॅक्टर आले. गोठे रिकामे झाले आणि माझे एकच गिऱ्हाईक उरले. विहिरीमागच्या घरात एकट्या राहणाऱ्या मावशींचा बैल. मावशींचा भाजीच्या रानाचा तुकडा त्याच्याच जिवावर पिकायचा. त्याचे डोळे गेले होते. तरी रोज दुपारी तो एकटाच पावले मोजल्यासारखा यायचा, हनुवटी माझ्या काठाला लावायचा आणि मगच प्यायचा. बादलीला तो तोंड लावत नसे. बादली हलते. मी हलत नाही, एवढाच माझा मोठेपणा.

एके दिवशी गावाला वारसा जपायची हुक्की आली. ट्रॅक्टर विकणारे गृहस्थ समितीचे अध्यक्ष झाले. ते मला सकाळी बघून गेले, बैल यायचा दुपारी. शनिवारी माझ्याशेजारी दगडात कोरलेली पाटी बसली : "या कुंडीतून आता कोणी पाणी पीत नाही." दुपारी बैल आला, पोटभर प्यायला आणि गेला.

समितीची तातडीची बैठक माझ्यासमोरच भरली.

"पाटी दगडाची आहे, ती काही बदलत नाही," अध्यक्ष म्हणाले. "बदलण्यासारखा फक्त बैल आहे."

ठराव एकमताने झाला. संध्याकाळपर्यंत मला उपसून कोरडे केले, भोवती लोखंडी कुंपण घातले, कुलूप लावले आणि पोटात प्लॅस्टिकची फुले ठेवली.

रविवारी समिती मला बघायला आली, तेव्हा मावशी अध्यक्षांपुढे उभ्या राहिल्या. "अहो दादा, माझा बैल तहानलाय. तेवढं कुलूप काढा."

"मावशी, पाटी वाचलीत का?"

"मला कुठं वाचता येतंय!"

"तिथंच घोळ झालाय बघा."

"मग एक बैल सोडून, असं लिहा की."

"जागा नाही हो. आणि किती दिवसांसाठी लिहायचं? त्याचं वय बघा." मग ते मऊ आवाजात म्हणाले, "हवं तर त्यालाही वारशात घेतो. पण मग त्याला पाणी लावता येणार नाही. वारसा कोरडा ठेवावा लागतो."

समिती खो खो हसली. मावशी हसल्या नाहीत. त्यांना विनोद कळत नाही, अशी नोंद झाली.

बैल रोज दुपारी येऊन कुंपणाला कपाळ टेकवून उभा राहायचा. मावशींनी बादली आणली, घागर आणली. त्याने दोन्ही उलथवल्या. मंगळवारी तो खाली बसला. मावशी ओला पंचा त्याच्या तोंडात पिळत होत्या. "पी रे माझ्या राजा. कुंडीच आहे असं समज." त्याने पंचा हुंगला आणि तोंड माझ्याकडे फिरवले. मित्रांनो, दीडशे वर्षांत मला पाय नसल्याचे दुःख कधी झाले नव्हते.

त्याला ओढून न्यायला अध्यक्षांनी स्वतःचा ट्रॅक्टर दिला. बुधवारी उद्घाटन झाले. शाळेच्या मुलांनी पाटी एका सुरात वाचली. ती आता अक्षरशः खरी होती. टाळ्या झाल्या.

जुन्या वस्तूंची काळजी घ्या, असे मी आता सांगायला हवे. माझी फार घेतात. रोज कोरड्या फडक्याने पुसतात. म्हणून फक्त एक अर्ज करते.

मा. अध्यक्ष, वारसा समिती, यांस सविनय विनंती की, सदर कुंडीस वारशातून कमी करून भांडे या पदावर पुन्हा रुजू करून घ्यावे, तसेच मावशींच्या बैलास पाणी पिण्याची परवानगी मिळावी. सदर परवानगी गेल्या शनिवार संध्याकाळपासून लागू धरावी.