हळदी रंगाचा स्वेटर

गोदामाला आग लागली ती खरीच होती, असं भोंगेमामा कुणालाही बजावून सांगत. त्या आगीच्या नावाखाली पुढे जे झालं, त्याबद्दल मात्र ते मिठाची गुळणी धरून बसत.

आग कुणी लावली हे कळायच्या आधीच सैन्य रस्त्यावर आलं. नगरसभेला कुलूप लागलं, निवडणूक लांबली, वर्तमानपत्र बंद झालं. फक्त आठ दिवस, म्हणे! त्या आठ दिवसांना पुन्हा आठ दिवसांची पिल्लं होत राहिली. मामांनी उभा जन्म आगीसाठी वाजवलेला अग्निशमन केंद्राच्या मनोऱ्यावरचा भोंगा आता रोज संध्याकाळी संचारबंदीसाठी वाजू लागला. भोंगा झाला की पुलाचं फाटक बंद. जो पलीकडे सापडेल त्याला गाडीत घालून नेत. नेलेलं माणूस अजून तरी कुणाचं परत आलं नव्हतं.

मामांची एकुलती एक लेक पलीकडच्या शिवण कारखान्यात कामाला होती. तेव्हा मामांनी आपल्यापुरती सोय लावून घेतली. बायकोने विणलेला हळदी रंगाचा स्वेटर लेक रोज घालायची. तो पूल उतरून अलीकडे आलेला मनोऱ्यावरून दिसला, की मगच मामा खटका दाबायचे. थोडं इकडेतिकडे झालं तर वर घड्याळ तपासायला कोण येतंय?

"एवढी हिंमत आहे, तर नाहीच वाजवत म्हणा," बायको एकदा म्हणाली होती.

"मग खायचं काय, वारा? आपली पोर घरी येते ना? झालं तर."

त्या संध्याकाळी स्वेटर लवकर दिसेना. खालून शिपायाने दोनदा हाक मारली. मामा मनोऱ्याच्या कठड्यावरून वाकून पुलाकडे पाहत राहिले. अखेर गर्दीत हळदी रंग दिसला, पूल उतरला, गल्लीत वळला. मामांनी सुस्कारा सोडून खटका दाबला.

घरी आले तर दारात तोच स्वेटर, आणि त्यात लेकीबरोबर कारखान्यात जाणारी शेजारची मुलगी. तापाने फणफणलेली.

"ताईनं मला घातला, मामा. म्हणाली, तू पुढे हो, तुझं उरलेलं काम उरकून मी येते. मी म्हटलं, भोंगा होईल गं. तर हसली. म्हणाली, मी पूल उतरल्याशिवाय बाबा भोंगा वाजवत नाहीत."

मामा धावत सुटले. फाटक बंद होतं.

"चुकून वाजला," त्यांनी हात जोडले.

"भोंगा झाला, मामा," पहाऱ्यावरचा शिपाई म्हणाला. "तुम्हीच वाजवलात ना? घरी जा."

पलीकडे गाडीत माणसं चढवत होते. मामा गज धरून त्यांत आपली लेक शोधू लागले. इतके दिवस त्यांनी या पुलावर त्या एका रंगाशिवाय काही पाहिलंच नव्हतं. अंधारात सगळ्या पाठी सारख्याच दिसत होत्या.

"पोरी," त्यांनी जिवाच्या आकांताने हाक मारली.

गाडीजवळच्या चार-पाच जणींनी एकदम वळून पाहिलं.