सलोमाचे लाल गाल

ईनॉसची बायको सलोमा झोपेतच गेली. पुरेपर्यंत तिला घरातच ठेवलं होतं. बघायला आलेल्यांच्या घोडागाड्यांनी अंगण भरलं. दोन दिवस झाले तरी तिचे गाल सफरचंदासारखे लाल!

"देवदूतानं मुका घेतलाय," योस्टबाबा डोळे मिटून म्हणाले. ओहायोच्या त्या भागात दुखण्याखुपण्याला त्यांचाच मंत्र चाले. "ईनॉस, घरात कृपा भरलीय. दारं-खिडक्या लावून घे, सांडू देऊ नकोस."

बायको गेलेला माणूस कुणाचंही ऐकतो. ईनॉसनं खिडक्यांवर प्लास्टिक ठोकलं.

आठवड्यानं त्याची दहा वर्षांची लेक लोविना ओकली. गाल लाल. बाबांनी मनगटाला तांबडा दोरा बांधला. "आई बोलावतेय. मान आहे पोरीचा!"

ईनॉसनं लेकीला जवळ ओढलं. असला मान त्याला नको होता.

सकाळी शाळेच्या व्हर्नाबाई दारात उभ्या राहिल्या. "ईनॉसभाऊ, पोर डोकं धरून शाळेत येते, दुपारी उड्या मारते. दोन दिवस घरी राहिली की सोमवारी सगळ्यात वाईट. घरात असं आहे तरी काय?"

"कृपा!" बाबा गरजले.

"मैलभर चाललं की उतरते, ही कसली कृपा?"

बाई तडक स्वयंपाकघरात गेल्या. या लोकांच्या पंथात घरात वीज घेत नाहीत, फ्रिजसुद्धा गॅसवरचा. त्यांनी गुडघे टेकून खाली पाहिलं. ज्योत पिवळी, लवलवणारी. मागची भिंत काजळलेली.

"ही काजळी कधीपासूनची?"

"सलोमा दर शनिवारी पुसायची..." ईनॉस बोलता बोलता थांबला.

बाईंनी पिशवीतून बॅटरीवरची छोटी पेटी काढली. दूधगाडीवाल्याकडून मागून आणली होती. पेटी किंचाळू लागली.

"डब्यात सैतान!" बाबा सगळ्यांत आधी बाहेर पळाले.

"या एका बाबतीत बाबांसारखं करा," लोविनाला उचलत बाई म्हणाल्या, "बाहेर चला!"

अंगणातल्या गॅसच्या टाकीची तोटी त्यांनी बंद केली. लोविनाला दवाखान्यात नेलं. डॉक्टरांनी रक्त तपासलं. फ्रिजचं धुराडं काजळीनं बुजलं होतं. ज्योत अर्धवट जळून विषारी वायू घरात सोडत होती. त्याला रंग नाही, वास नाही. रक्तात मिसळला की माणूस मरतो आणि गाल मात्र लाल दिसतात.

लोविना वाचली.

पुढच्या प्रार्थनेला ईनॉस सगळ्यांसमोर उभा राहिला. त्याला बोलायची सवय नव्हती.

"सलोमाच्या गालांवर कृपा नव्हती, विष होतं. आणि मी खिडक्या ठोकल्या. घरी जा, फ्रिजची ज्योत बघा. निळी नसेल तर तोटी बंद करा. धुराडं दरवर्षी साफ करवून घ्या, तो वायू आला की किंचाळणारी पेटी घरात लावा. घरातल्या सगळ्यांचं डोकं एकदम दुखलं तर आधी बाहेर पळा. दोरा शोधत बसू नका."