हौसाबाईंची सहल

त्या रविवारी हौसाबाई संध्याकाळी घरी आली ती हसतच. वहाणा ओसरीच्या पायरीवर काढल्या, कुणा ठाणेकरणीने दिलेली कापडी टोपी खुंटीला अडकवली आणि पदराने मान पुसत म्हणाली, "दीपे, च्या टाक गो. आज एका बाईनं मला इचारलं, या डोंगराला लिफ्ट कदी बसनार!"

दिपाली उंबऱ्यावर पुस्तक घेऊन बसली होती. कल्याणच्या एका कॉलेजच्या ग्रंथालयात तिची नोकरी. भातकापणीला मदत करते म्हणून रजा काढून आली होती, पण विळ्यापेक्षा तिच्या हातात पुस्तकच जास्त दिसत होतं.

"मग तू काय सांगितलंस?"

"सांगितलं, सीतामाईसाठी लावनार व्हते. पन सामान येईपरत तिचा वनवासच संपला."

दिपालीला हसू आवरलं नाही. शहरातली मंडळी दर रविवारी ठाण्याहून चंदरच्या ट्रॅव्हलरमधून यायची. सकाळी भातसा धरणाचं पाणी, मग डोळखांबावरून अजोबाच्या डोंगराचा पायथा, दुपारी हौसाबाईच्या अंगणात भाकरी, संध्याकाळी परत. चंदर शेजारच्या पाड्यातला. तो गाडी हाकायचा, आणि हौसाबाई गाडीत दारापाशी उभी राहून बोलायची. गाईड हा शब्द तिला फार आवडायचा. नवरा गेल्यावर पहिल्यांदा कुणी तिला कशाचं तरी नाव दिलं होतं.

"आणि पाळणा? आज कशाला टांगला?" चहाचा कप देत दिपालीने विचारलं.

अजोबाच्या कड्यात उंचावर एक कपार आहे. सीतेचा पाळणा म्हणतात तिला. लव-कुश तिथे वाढले, वाल्मीकींना त्यांनी आजोबा म्हणून हाक मारली, म्हणून डोंगराचं नाव पडलं अजोबा.

"आज वाघाच्या भ्यानं."

"गेल्या रविवारी तर सीता भाताच्या आवणीला जाताना टांगून गेली होती."

"गेल्या रविवारची मानसं येगळी व्हती, आजची येगळी."

"आई, एक काय ते खरं सांगत जा ना. लिहिलंय सगळं. असं मनाला येईल ते काय सांगायचं?"

"ज्यांनी लिवलं त्यांनी लिवलं," हौसाबाई बशीत चहा ओतत म्हणाली. "खरं आयकायचं असतं तं ती मानसं घरी पंखा लावून नसती बसली? बस तू तुजं खरं घेऊन."

रात्री तिने वालाचं बिरडं केलं, जेवताजेवताच तिचे डोळे मिटायला लागले. "सकाळी लवकर उठव मला," असं म्हणून ती झोपली, आणि रोजच्यासारखी सगळ्यांच्या आधी उठली.

सकाळी खाचरात भाताचे भारे बांधता बांधता ती दिपालीसमोरच खाली बसली. अनिल, दिपालीचा धाकटा भाऊ, ओरडत धावला. चंदरनेच गाडी काढली. गाडी शहापूरच्या दवाखान्यात पोचली तेव्हा घाई करण्यासारखं काही उरलं नव्हतं.

नातेवाइकांना फोन अनिलने केले. व्हॉट्सॲपवर टाकायचा मजकूर दिपालीने लिहिला. 'अल्पशा आजाराने' असं आधी लिहिलं आणि मग पुसलं; आजार कुठे होता? 'दुःखद निधन' तेवढं ठेवलं. व्याकरणात एक चूक नव्हती. बाया आल्या, ओसरीवर बसून रडल्या, तिने त्यांना चहा दिला. ग्रंथालयातून फोन आला तेव्हा तिने तो अनिलच्या हातात दिला. लिहायला जमलं होतं. बोलायला जमत नव्हतं. तेरावा झाला, पाहुणे गेले, आणि दिपालीच्या तोंडून आई गेल्याचं अजून कुणीच ऐकलं नव्हतं. अनिलने सुद्धा नाही.

एका शनिवारी तिन्हीसांजेला चंदर अंगणात येऊन उभा राहिला. डोकं खाजवत.

"दीपे, घोळ झालाय गो. उद्या ठान्याची मंडळी येतायत. कर्णिकबाईंची."

हौसाबाई सहली तोंडीच ठरवायची. गेल्या खेपेला त्या मंडळींना तिने 'कापनी झाली का मंग या' म्हणून सांगून ठेवलं होतं, आणि ते तिच्याशिवाय कुणाला ठाऊक नव्हतं.

"त्यांचा फोन आला, उद्या ठरल्यापरमानं ना? माज्या तोंडातून निघून गेलं, या या. पावन्याला 'नको' कसं म्हनायचं? मंग पुढचं सांगायला जीभच उचलंना." चंदर खाली बघत होता. "आता करतंय फोन. सांगतंय त्यांना."

"नको," दिपाली म्हणाली. "येऊ देत. मी जाते त्यांच्याबरोबर. मीच सांगेन."

तिला वाटलं, ओळखीच्या माणसांपुढे तोंड उघडत नाही, तर परक्यांपुढे उघडेल. एकदा सांगून झालं की पुढच्या वेळी सोपं जाईल. रात्रभर तिने एकच वाक्य मनात घोळवलं.

सकाळी ती शहापूरच्या नाक्यावर गाडीत चढली. गाडीत सगळे साठी-सत्तरीचे. पहिल्याच सीटवर कर्णिककाकू बसल्या होत्या, केस बारीक कापलेले, गळ्यात दुर्बीण.

"अगं, तू दिपाली ना? हौसाबाईंनी फोटो दाखवलाय तुझा. आई कुठंय?"

वाक्य तयार होतं. दिपालीने तोंड उघडलं.

"आईला बरं नाहीये. ताप आहे."

आरशातून चंदरचे डोळे तिच्याकडे वळले. त्याने गिअर टाकला. गाडी नेहमीपेक्षा जास्त हिसकली.

भातसाच्या पाण्यावर ऊन नुकतं येत होतं. मंडळी खाली उतरली, फोटो काढले. दिपालीने धरणाची माहिती दिली, मुंबईला पाणी कसं जातं ते सांगितलं. सगळ्यांनी माना डोलावल्या. कर्णिककाकू मात्र पिशवीतून गुडघ्याचे दोन पट्टे काढून तिला दाखवत होत्या.

"गेल्या वेळी हौसाबाई म्हणाल्या, उतरताना गुडघे बोलतात. म्हणून आणलेत. पण माप बसायला हवं गं, नाहीतर बदलून आणीन. ताप फार आहे का? डॉक्टरांना दाखवलंत?"

"दाखवलं."

"थांब, मीच बोलते त्यांच्याशी."

काकूंनी फोन लावला. आणि दिपालीच्या खांद्यावरच्या पिशवीत आईचा फोन वाजायला लागला.

तो बंद करायचं कुणाच्याच हातून झालं नव्हतं. अनिल रोज न चुकता चार्ज करायचा. दिपालीने निघताना तो का उचलला, तिलाही सांगता आलं नसतं. पिशवीत हात घालून तिने तो दाबून गप्प केला.

"माझ्याकडेच राहिला घाईत," ती म्हणाली.

"बघा, आता आजारी माणसाने करायचं काय?" काकू रागावल्या, आणि पट्टे नीट घडी करून परत ठेवले.

गाडीकडे जाताना चंदर तिच्या शेजारून चालला. "दीपे," तो हळूच म्हणाला, "आता ताप आला, डाक्टर झाला. दुपारपरत तिला बरं नको करू."

ती गाडीत चढली.

अजोबाचा कडा समोर आला तसे सगळे गाडीतून उतरून माना वर करून उभे राहिले. दिपालीने हात करून कपार दाखवली आणि गोष्ट सांगितली. गर्भवती सीतेचा त्याग, वाल्मीकींचा आश्रम, जुळ्या मुलांचा जन्म. नीट, क्रमाने, जसं आहे तसं.

"छान सांगितलंस," टिपणीसकाका म्हणाले. आडदांड बांध्याचे, हातात काठी. "पण हौसाबाईंचं वेगळं होतं. सीता आवणीला जायची. पोरं बांधावर ठेवली तर चिखलात लोळतील, म्हणून पाळणा वर."

"छे हो," मागून एक बाई म्हणाल्या, "आम्हाला तर सांगितलं, तिला उंचावरून अयोध्येचा रस्ता दिसावा म्हणून. कुणी न्यायला येतंय का ते बघायला."

"ते तुम्हाला. तुम्ही त्या दिवशी रुसून बसला होतात!"

हशा पिकला. ज्याला त्याला आपापली सीता मिळाली होती, आणि कुणीच आपली सोडायला तयार नव्हतं. दिपाली बघत राहिली. तिला वाटायचं, आई तोंडाला येईल ते बोलते. आई तोंडं बघून बोलत होती.

"मला कुठलंच नाही सांगितलं," कर्णिककाकू तिच्या जवळ येऊन म्हणाल्या. "आम्ही दोघीच मागे राहिलो होतो. म्हणाल्या, सीतेचं राहू दे, मीच माझ्या लेकीची झोळी आंब्याला उंच बांधायची. खाली मुंगळे. लावणी करता करता मान वर करून बघायची, झोळी हलतेय ना? हलली की परत खाली वाकायची. म्हणाल्या, तेव्हापासून वर बघायची खोडच लागली. लेक कल्याणला गेली. आता डोंगराकडे बघते." काकू हसल्या. "तुला सांगू नका म्हणाल्या हं. ती म्हणेल, खोटं आहे."

पाण्याच्या बाटल्या भरून आणते म्हणून दिपाली हापशाकडे गेली. दांडा धरून उभी राहिली. बाटली भरून वाहिली तरी तिचा हात चालूच होता.

जेवण चंदरच्या अंगणात झालं. त्याच्या बायकोने, जयाने, तांदळाच्या भाकऱ्या आणि कुळथाचं पिठलं केलं होतं. दरवेळी हौसाबाईंकडेच असतं ना, असं कुणीतरी विचारलं. आजारी बाईला त्रास कशाला, असं दुसऱ्या कुणीतरी परस्परच सांगून टाकलं. जया वाढता वाढता एकदम आत निघून गेली. चंदर जेवलाच नाही.

परतीच्या वाटेवर उन्हं कलली होती. डोळखांबच्या अलीकडे, पाड्याकडे वळणाऱ्या मातीच्या रस्त्यापाशी कर्णिककाकूंनी पुढे होऊन चंदरच्या खांद्यावर हात ठेवला.

"इथूनच वळायचं ना हौसाबाईंकडे? घ्या गाडी आत. पाच मिनिटं फक्त. पट्टे घालून बघू, बरं वाटेल त्यांना."

"हो हो, चला," मागूनही आवाज आले. "बघून येऊ. न भेटता कसं जायचं?"

चंदरने गाडी कडेला घेतली आणि इंजिन बंद केलं. स्टिअरिंगवर दोन्ही हात ठेवून तो समोर बघत बसला. मागे वळला नाही.

"दीपे, न्यायची का घरी?" एवढंच म्हणाला.

घरी पाटावर फोटो होता. हार घातलेला.

दिपाली उठली. दारापाशी, सीटच्या पाठीला धरून मंडळींकडे तोंड करून उभी राहिली. रात्री घोकलेलं वाक्य आठवलं. निधन. देवाज्ञा. कालवश. वारली. एवढे शब्द तिला येत होते, आणि एकही आईच्या अंगाला बसत नव्हता. तापाचं तिने सकाळपासून किती सहज सांगितलं होतं. आणखी एक दिवस आई ताप येऊन घरात पडली असती. या माणसांसाठी, आणि तिच्यासाठीही.

कर्णिककाकूंनी पट्टे मांडीवर काढून ठेवले होते. उतरायच्या तयारीत.

"काकू, उतरू नका," ती म्हणाली. "घरी कुणी नाय."

कल्याणला गेल्यापासून जी बोली तिने तोंडात येऊ दिली नव्हती, तीच आली.

"माजी आय मेली."

टिपणीसकाकांनी कानामागे हात धरला. "काय म्हणाली ती?" त्यांनी शेजारच्याला विचारलं.

दिपालीने मान वर केली आणि शेवटच्या सीटपर्यंत ऐकू जाईल अशा आवाजात पुन्हा सांगितलं.

"माजी आय मेली. भात बांधता बांधता. मी तितंच व्हते."