चहाची घंटा

पैज लागली ती शिंप्याच्या दुकानात, कोटाला गुंडी लावता लावता.

"तू आणि संध्याकाळपर्यंत बोलणार?" शिंप्यानं तोंडातला दोरा तोडला. "खुंट्या, कौन्सिलात तुझ्यापेक्षा मी शिवलेला हा कोट जास्त बोललाय. निदान बसताना करकरतो तरी."

"बोलेन."

"बघ, एवढ्यातच दमलास. लाव पैज. हरणाऱ्यानं दुसऱ्याला पाठीवर घेऊन मैदानाला फेरी मारायची. भरदिवसा, सगळ्यांसमोर."

शिंपी मशीनवर बसून बसून पोत्यासारखा फुगला होता. त्याला पाठीवर घ्यायचं म्हटल्यावर एरवी खुंट्या पोट धरून हसला असता. आज नुसता "लागली" म्हणाला.

खुंट्या हे नाव त्यानं मैदानावर कमावलेलं. तरुणपणी गोऱ्या साहेबांच्या संघापुढे तो सकाळी बॅट घेऊन उभा राहिला तो दिवस मावळेपर्यंत हललाच नाही. धावा किती झाल्या ते कुणी विचारत नाही, तोही सांगत नाही. सामना मात्र वाचला. साहेबाच्या चेंडूपुढे जो हलला नाही तो साहेबापुढे काय हलणार, असं म्हणून लोकांनी त्याला कौन्सिलात पाठवलं.

आता त्याच मैदानावर सरकारला लष्कराचं कोठार बांधायचं होतं. साहेबांच्या क्लबात आपल्या माणसाला गवत कापण्यापुरतं आत सोडत. वस्तीला खेळायला होतं ते हे एवढंच. मतं साहेबांचीच जास्त, म्हणजे मतदान झालं की मैदान गेलं. पण ही वर्षातली शेवटची बैठक होती, आणि बोलणारा सभासद उभा आहे तोवर मतदान घेता येत नाही असा नियम होता. अंधार पडेपर्यंत खेचलं की ठराव बारगळला. पुन्हा तोच खेळ. फक्त हातात बॅट नव्हती, तोंडात जीभ होती, आणि ती जन्मभर राखीव खेळाडू म्हणून बाहेर बसलेली.

"अहो, सुचेनासं झालं की मैदानाचं सांगा," बायकोनं निघताना बजावलं. "ते तुम्ही झोपेतही बडबडता. लग्न झाल्यापासून ऐकतेय."

अध्यक्षाच्या खुर्चीत तोच साहेब होता, ज्यानं त्या दिवशी त्याला चेंडू टाकून टाकून स्वतःचा खांदा निकामी करून घेतला होता. खुंट्या उभा राहिला. हातातल्या कागदांवरचं लवकरच वाचून संपलं. मग त्याला बायको आठवली आणि त्यानं मैदान उलगडायला घेतलं. पाणी कुठल्या कोपऱ्यात साचतं, चेंडू कुठे खाली राहतो, रोलर ओढताना कुणाची पाठ धरली, कुणाच्या बापानं कुठला दगड वेचला. साहेब लोक जांभया द्यायला लागले. वर गॅलरीत शिंपी पैज हरायला आल्याच्या आनंदात शेजाऱ्याला कोपरानं ढोसत होता.

दुपार कलली. खुंट्याचे गुडघे बोलायला लागले, जिभेपेक्षा जोरात. पण ऊन खिडकीतून भिंतीवर चढलं होतं. वाचतंय, त्याला वाटलं. मैदान वाचतंय.

साहेबानं समोरची घंटा वाजवली. "चहा," तो म्हणाला, अगदी सहज.

चहाची घंटा झाली की नाबाद फलंदाजानं बॅट काखेत मारायची आणि चालू लागायचं. परत येऊन तिथेच उभं राहायचं. तेवढ्यात कुणी दांड्या उडवत नाही. खुंट्यानं आयुष्यभर हेच केलं होतं. त्यानं कागदांची गुंडाळी काखेत मारली आणि तो चालू लागला. गॅलरीतून शिंपी "अरे, अरे, कुठे?" करत राहिला, ते त्याला शाबासकीसारखं वाटलं.

व्हरांड्यात शिपाई स्टूल पुसत होता.

"चहा?" खुंट्यानं विचारलं.

"अजून पाणीसुद्धा ठेवलं नाही, साहेब. आज एवढ्या लवकर?"

खुंट्यानं मागे पाहिलं. त्याच्यामागून कुणीच बाहेर आलं नव्हतं. आतून "मान्य, मान्य" असे आवाज आले. गुडघे ओढत तो दारात पोचला तोवर सगळं आटोपलं होतं.

"सभासदांनी जागा सोडली," साहेब टेबलाकडे बघत म्हणाला. "भाषण संपलं असं धरलं."

"मी नाबाद होतो," खुंट्या म्हणाला.

साहेबानं मान वर केली नाही. या माणसाला घंटा ऐकू आली की काय होतं, ते त्याच्याइतकं कुणालाच ठाऊक नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी लष्कराचे गडी मैदानात खुणेचे खांब ठोकत होते. सगळी वस्ती कडेला उभी होती. खुंट्या शिंप्यापुढे जाऊन वाकला.

"बस पाठीवर."

"सोड रे. कसली पैज नि काय."

"बस म्हणतो ना."

"अरे, मी हरायलाच लावली होती. तुला डिवचलं की तू हट्टाला पेटतोस म्हणून."

"माहितीये. बस."

शिंपी बसला. पहिल्या वळणाला पोरं फिदीफिदी हसली, दुसऱ्या वळणाला कुणीच हसलं नाही. बायको त्याची टोपी हातात धरून बाजूनं चालत होती. खेळपट्टीच्या मधोमध एक खांब रोवला होता. कडेनं फेरी मारणारा खुंट्या त्याच्या समोर आल्यावर एकदाच थबकला, तिकडे बघितलं न बघितलंसं करून पुढे निघाला. शिंप्याला खालून त्याच्या गुडघ्यांची करकर ऐकू येत होती.

"टेकव मला," शिंपी त्याच्या कानाशी पुटपुटला. "झालं की. कोण बघतंय?"

"सगळे बघतायत," खुंट्या धापा टाकत म्हणाला. "आता घंटा झाली तरी थांबायचं नाही."