तंदुरुस्तीचा दाखला

सकाळी नऊ चाळीसला लष्करी डॉक्टरबाईंनी समोरच्या फॉर्मवर सही न करताच पेन खाली ठेवलं. अण्वस्त्र डागण्याची किल्ली सांभाळणाऱ्या अधिकाऱ्याची ती वार्षिक तपासणी होती.

"हुकूम आला तर किल्ली फिरवणार ना?"

"आधी विचारीन, तिथे माणसं किती आहेत."

"अकरा वर्षं मुकाट्याने 'हो' म्हणालात. झोप लागत नाही का हल्ली?"

"इतकी वर्षं छान लागली मॅडम, त्याचीच आता भीती वाटते."

'अपात्र' लिहिलं तर त्याच्या जागी काहीच न विचारणारा माणूस बसणार, हे बाईंना माहीत होतं. 'पात्र' लिहिणं धडधडीत खोटं होतं.

"काय ते लिहा लवकर. सहाला माझी ड्यूटी आहे. तोवर काहीच लिहिलं नाहीत, तर गेल्या वर्षीचाच दाखला चालतो," तो म्हणाला.

साडेपाचला फॉर्म बाईंच्या खणात होता, कोराच.